नवगिरे टीचरच्या सूचना

आमच्या नवगिरे टीचरना साधी सूचना देता येत नाही. म्हणजे त्या देतात, दर रविवारी देतात, पण सूचना म्हणून सुरू झालेली गोष्ट कुठे जाऊन थांबेल हे त्यांच्या प्रभूलाही आधी सांगता येणार नाही.

नागपुरात सदर भागाच्या मागच्या बाजूला एका जुन्या मिशनचं चर्च आहे. तिथल्या रविवारच्या उपासनेत, पाळकसाहेबांच्या, म्हणजे चर्चच्या धर्मगुरूंच्या, उपदेशाआधी, मंडळीला आठवड्याच्या सूचना देण्याचं काम टीचरकडे असतं. आता समजा, गुरुवारी सोनवण्यांकडे घरसभा आहे, म्हणजे घरी जमून प्रार्थना. एवढंच सांगायचं आहे. टीचर पहिल्या बाकाजवळ, खाली फरशीवर उभ्या राहणार, पदर खांद्यावर नीट करणार आणि म्हणणार, "गुरुवारी संध्याकाळी सोनवणे यांच्या घरी घरसभा आहे. घर तिसऱ्या माळ्यावर आहे. लिफ्ट नाही."

इथे त्या थांबतात. ऐकणाऱ्यांना कळतं की आता गाडी रूळ बदलणार. मागच्या वेळी लिफ्ट नाही म्हणून किती कमी माणसं आली होती ते निघतं. मग शास्त्रातले ते चार मित्र येतात, ज्यांनी आपल्या लुळ्या दोस्ताला खाटेसकट घराच्या छपरावर चढवलं आणि छप्पर उघडून येशूसमोर खाली सोडलं. त्यांना कोणी लिफ्ट दिली होती काय, असं टीचर विचारतात. मग त्या छपराकडे वळतात. छप्पर ज्या घराचं होतं त्या घरात एखादी बाई असेलच. लुळा दोस्त चालू लागला, सगळे लोक तो चमत्कार बघून नाचत घरी गेले, आणि दुसऱ्या दिवशी ते छप्पर तिनंच नीट केलं असेल, डोक्यावर माती वाहून. तिचं नाव काय होतं? ते कोणी लिहिलं नाही. तोवर बायकांच्या बाजूला दोन-चार पदर डोळ्यांना लागलेले असतात आणि पुरुषांच्या बाजूला चर्चचा कारभार बघणाऱ्या पंचांपैकी कोणीतरी मोठ्यानं खोकतो. मग टीचर त्यांच्याकडे बघून शांतपणे म्हणतात, "मी उपदेश नाही करून राहिली. सूचना देऊन राहिली."

हे त्यांचं ठरलेलं वाक्य आहे, आणि त्यामागे कारण आहे. या चर्चमध्ये बाईनं पुलपीठावरून उपदेश करायचा नाही असा जुना रिवाज आहे. पुलपीठ म्हणजे उपदेशासाठी केलेला उंच लाकडी ओटा. बाईनं त्या ओट्यावरची फुलं बदललेली चालतात, ओटा पुसलेला चालतो, त्याच्यावरच्या कापडाला लेस लावलेली तर फारच चालते. बाईनं लहान मुलांना शिकवावं, गाणं म्हणावं, घरसभेत कोणाच्या खाटेशी बसून तासभर बोलावं. ओट्यावर चढून बोलू नये, एवढंच. टीचरनी तरुणपणी दोन वर्षं पाळकपणाचं रीतसर शिक्षण घेतलं होतं आणि त्या पहिल्या आल्या होत्या. त्यांच्या मागे राहिलेली मुलं पाळक झाली, मोठ्या चर्चांमध्ये गेली, त्यातली काही पेन्शनीतही निघाली. पहिल्या आलेल्या टीचरच्या वाट्याला सूचना आल्या. त्यांनी त्या घेतल्या आणि इतकी वर्षं दर रविवारी त्यांच्यात एक उपदेश कोंबून दिला.

मी त्या मंडळीचा नाही. आमच्या आजोबांनी दीक्षाभूमीवर दीक्षा घेतली तेव्हापासून आमच्या घरात देव हा विषय बंद आहे, आणि माझी त्याबद्दल काही तक्रार नाही. पण टीचरचे गुडघे गेलेले, आमची घरं एकाच गल्लीत, आणि ऑटोवाल्यांशी त्यांचं जमत नाही, कारण सिग्नल मोडला की त्या ऑटो बाजूला घ्यायला लावून त्याला समजावत बसतात. तेव्हा रविवारी त्यांना चर्चमध्ये पोचवण्याचं काम माझ्या स्कूटरकडे आलं. सुरुवातीला मी त्यांना सोडून समोरच्या टपरीवर चहा पीत बसायचो. एका मे महिन्यात नागपूरच्या उन्हापुढे माझी तत्त्वं टिकली नाहीत आणि मी आत जाऊन शेवटच्या बाकावर, पंख्याखाली बसलो. तेव्हापासून तिथेच बसतो. मंडळीतल्या म्हाताऱ्या मला "सलाम, मेश्राम सर" म्हणतात, मी त्यांना "जय भीम" म्हणतो, आणि कोणाचं काही बिघडत नाही.

टीचरची आणि माझी ओळख मात्र शाळेतली. मी चित्रकलेचा मास्तर आणि त्या नीतिशिक्षणाच्या. शाळेच्या वेळापत्रकात या दोन विषयांचा दर्जा पावसाळ्यात छत्री ठेवायच्या जागेएवढा असतो. गणिताचा भाग शिकवायचा राहिला की पहिला तास माझा जायचा, दुसरा त्यांचा. मी मुकाट्यानं स्टाफरूममध्ये जाऊन पेपर वाचायचो. टीचर गणिताच्या मास्तरांना दारातच विचारायच्या, "पोरं बेरीज शिकून राहिली ते ठीक आहे, पण कोणाच्या वाट्याचं बेरजेत धरू नये हे कोण शिकवीन?" मास्तर मान डोलवायचे आणि तास घ्यायचेच.

नीतिशिक्षणाचा त्या लेखी पेपर घेत. प्रश्नपत्रिका वाटायच्या आणि सरळ वर्गाबाहेर निघून जायच्या. हेडमास्तरांनी हटकलं तर म्हणाल्या की नीतीच्या पेपरावर पहारा ठेवायचा असेल तर पेपर घ्यायचा कशाला. मुलांनी अर्थातच मन लावून कॉपी केली. पुढच्या वर्षी टीचरनी डोकं चालवलं. शेवटचा प्रश्न घातला, "हा पेपर लिहिताना तुम्ही कॉपी केली का? खरे लिहा." जो खरं लिहील त्याला पूर्ण गुण. सगळ्या वर्गानं लिहिलं, "होय, मी कॉपी केली," आणि तेही एकमेकांचं बघून.

त्यात एका बिचारीनं कॉपी केलीच नव्हती. पण सगळे होय लिहिताहेत म्हटल्यावर आपले गुण जातील या भीतीनं तिनंही होय लिहिलं, आणि घरी जाऊन जेवली नाही. दुसऱ्या दिवशी ती रडत टीचरकडे आली. टीचर तिला आणि तिच्या पेपराला घेऊन स्टाफरूममध्ये आल्या आणि मला विचारू लागल्या की या पोरीनं आपण चोर असल्याचं खोटंच सांगितलं आहे, तर हिला गुण द्यायचे की कापायचे. मी म्हटलं, टीचर, मी चित्रकलेचा माणूस, मला आंब्याचं पान काढायला सांगा. त्या दिवसभर अस्वस्थ होत्या. शेवटी त्यांनी वर्गात जाऊन स्वतःचाच प्रश्न रद्द केला आणि माझ्या प्रश्नानं तुम्हाला खोटं बोलायला लावलं म्हणून मुलांची माफी मागितली.

खरं बोलण्याचा त्यांचा हा आग्रह इतरांना महाग पडायचा. एकदा शाळा तपासायला आलेल्या साहेबांनी भिंतीवरच्या सुविचारांच्या तक्त्यांचं कौतुक केलं. टीचर नम्रपणे म्हणाल्या, "काल संध्याकाळी लावले सर. तुम्ही येऊन राहिले म्हणून." हेडमास्तर पुढचा महिनाभर त्यांच्याशी बोलले नाहीत. आमच्या घरी जेवायला आल्या की माझी बायको मुद्दाम विचारते, भाजी कशी झाली. टीचर दोन घास नीट चावतात आणि सांगतात, "मीठ जास्त आहे, पण मनानं केली आहे." माझी बायको यावर खूश असते. मी तीस वर्षं नुसतं "छान" म्हणत आलो, त्यावर ती कधी खूश झाली नाही.

तर सूचनांकडे येतो. त्यांच्या सूचनांचा शेवट आजाऱ्यांच्या नावांनी होतो. मंडळीत कोण आजारी आहे ते टीचर सांगतात आणि सगळे त्यांच्यासाठी प्रार्थना करतात. ही त्यांच्यातली जुनी पद्धत. पण टीचरची नावं वाढत चालली आणि ती कोणाच्याच ओळखीची नव्हती. वरोऱ्याचे बबनराव, मूत्रपिंड. आर्वीच्या गिरजाबाई, पायाची जखम. पुसदकडची एक सहा वर्षांची पोरगी, ताप उतरत नाही. कागद नाही, काही नाही, सगळं तोंडपाठ. लोक डोळे मिटायच्या आधी एकमेकांकडे बघायचे.

ही माणसं धंतोलीतल्या दवाखान्यांमधली होती. तिथे एका गल्लीत दवाखान्यांना दवाखाने लागलेले आहेत आणि सगळ्या विदर्भातून माणसं येऊन खाटांवर पडलेली असतात. टीचर मंडळीतल्या कोणाला तरी बघायला म्हणून गेल्या होत्या. शेजारच्या खाटेवरच्या बाईनं विचारलं की तुम्ही इथे डोळे मिटून काय म्हटलं. टीचरनी सांगितलं. ती म्हणाली, माझंही नाव घ्याल का, मला इथे ओळखणारं कोणी नाही. तेव्हापासून टीचर दर आठवड्याला एका खाटेवरून दुसऱ्या खाटेकडे जातात. नेऊन सोडणारा मीच. धंतोलीत स्कूटर लावायला जागा मिळणं हा या सगळ्यातला खरा चमत्कार आहे असं माझं मत आहे.

एकदा मी त्यांना स्पष्ट विचारलं. म्हटलं, टीचर, राग मानू नका, पण आजारी माणसाला धरून धर्म सांगणं मला काही पटत नाही. त्या राग मानूनच बोलल्या. म्हणाल्या, "सर, जो उठून जाऊ शकत नाही त्याले उपदेश करू नये. चर्चमधले लोकं उठून जाऊ शकतात, म्हणून मी त्याइले सोडत नाही." मग मी एकदा त्यांच्या मागोमाग आत जाऊन बघितलं. त्या खरोखरच काही सांगत नव्हत्या. नाव विचारायच्या, गाव विचारायच्या, कुठे दुखतं ते विचारायच्या, आणि रविवारी दहाच्या सुमाराला तुमचं नाव घेऊ म्हणून सांगून पुढे जायच्या.

एका पंचांनी बैठकीत हा विषय काढला होता. ही काही आपली माणसं नाहीत, त्यांचे देव वेगळे, मग आपण त्यांची नावं कशाला घ्यायची. टीचरनी त्यांना विचारलं की यादी आपल्यांची आहे की आजाऱ्यांची. पंच म्हणाले, आजाऱ्यांची. टीचर म्हणाल्या, मग झालं तर. त्या पंचांची तक्रार नंतर खोकल्यावरच भागू लागली.

मागच्या वर्षी नवे पाळक आले. तरुण, हसतमुख, आणि टीचरचाच जुना विद्यार्थी. त्यानं चर्चमध्ये पडदा लावला, त्याच्यावर गाणी दिसू लागली. मंडळीचा फोनवर ग्रुप केला. त्याला मनापासून वाटत होतं की आपल्या टीचरवर इतकी वर्षं अन्याय झाला. त्यानं पंचांच्या बैठकीत विषय लावून धरला, दोन वेळा भांडला, आणि शेवटी तडजोड झाली. वर्षातून एक महिला रविवार पाळायचा. त्या दिवशी नवगिरे टीचर पुलपीठावरून उपदेश करतील. पण मग सूचना बंद. त्या रविवारपासून सूचना आणि आजाऱ्यांची नावं ग्रुपवर टाकली जातील, ज्यानं त्यानं वाचावीत. एका बाईनं वर्षभर खालूनही बोलायचं आणि वरूनही बोलायचं, हे पंचांना मान्य नव्हतं.

त्या संध्याकाळी टीचर आमच्याकडे आल्या. चहात साखर कमी होती, त्याबद्दल काही बोलल्या नाहीत. कप खाली ठेवून म्हणाल्या, "सर, मले पुलपीठ देऊन राहिले." माझ्या बायकोनं त्यांना मिठीच मारली. टीचरचा चेहरा लग्न ठरलेल्या मुलीसारखा झाला होता. थोड्या वेळानं मी विचारलं, मग नावं? त्या म्हणाल्या, "फोनवर टाकून देणार आहेत," आणि बायकोला म्हणाल्या की त्या दिवशी पांढरी साडी बरी दिसेल की फिकट निळी.

पुढचे काही आठवडे आमच्या गच्चीवर तालीम चालली. श्रोते आम्ही दोघं आणि वाळत घातलेल्या कुरड्या. टीचरना एवढा वेळ हक्कानं मिळायची सवय नव्हती. सूचनांमध्ये त्या चोरून, मागे खोकला ऐकत, भराभर बोलायच्या. आता अर्धा तास समोर मोकळा पडलेला बघून त्यांना घाम फुटायचा. मध्येच थांबून त्या आमच्याकडे बघायच्या. बायकोनं एकदा मला डोळ्यानं खुणावलं आणि मी पंचासारखा खोकलो. टीचरची गाडी लगेच चालू झाली. मग रोज तेच. मला घशाची गोळी घ्यावी लागली.

दुसरी अडचण उंचीची. पुलपीठ मिशनच्या काळातल्या उंचापुऱ्या गोऱ्या साहेब पाळकांसाठी केलेलं, आणि टीचर माझ्या खांद्याला लागतात. आदल्या दिवशी चढून पाहिलं तर बाकांवरून नुसता अंबाडा दिसत होता. पाळकानं वर ठेवायला स्टूल आणलं, ते डगमगायला लागलं. शेवटी आमच्या घरचा लग्नातला पाट मी स्कूटरवर पुढे उभा धरून चर्चमध्ये नेला. एका बौद्ध घरातला पाट ख्रिस्ती पुलपीठावर ठेवून त्यावर नीतिशिक्षणाच्या बाई उभ्या राहिल्या. आमच्या आजोबांनी हे पाहिलं असतं तर काय म्हणाले असते, सांगता येत नाही. बहुतेक पाट परत मागितला असता.

महिला रविवारी चर्च भरलं होतं. माझी बायकोही आली होती. टीचर फिकट निळ्या साडीत एक-एक पायरी चढून वर गेल्या, पाटावर उभ्या राहिल्या आणि मंडळीकडे बघून गप्प झाल्या. मी खोकणार तेवढ्यात नेहमीच्या खोकणाऱ्या पंचांनीच सवयीनं खोकून घेतलं. लोक हसले, टीचरही हसल्या, आणि मग त्या बोलल्या.

त्या बायकांबद्दल बोलल्या, ज्या तिसऱ्या दिवशी पहाटे येशूच्या कबरेकडे गेल्या होत्या. पुरुष दारं लावून घरात बसले होते. बायका प्रेताला लावायचे सुगंधी मसाले घेऊन निघाल्या, कबरेवरचा दगड कोण लोटेल याची चिंता करत, पण निघाल्या. कबर रिकामी दिसली, आणि ती बातमी जाऊन सांगा म्हणून त्यांनाच सांगण्यात आलं. "म्हणजे आपल्या धर्मातली पहिली सूचना बायांनी दिली आहे," टीचर म्हणाल्या, "आणि ज्याइले दिली त्याइले ती बायकांची बडबड वाटली." पाळक खळखळून हसला. खोकणारे पंचही हसले. उपदेश चांगलाच झाला, मी कशाला खोटं सांगू. शेवटच्या बाकावर मला दोन वेळा चष्मा पुसावा लागला. खाली उतरल्यावर म्हाताऱ्या बायका टीचरचे हात हातात घेऊन सोडेनात.

मी म्हटलं, आता घरी चला, बायकोनं सावजी मटण करायचं ठरवलं आहे. पण टीचरना आधी धंतोलीत जायचं होतं. वणीकडच्या शेवंताबाई होत्या, त्यांचं दुसऱ्या दिवशी पोटाचं मोठं ऑपरेशन होतं. त्यांना भेटून येऊ म्हणाल्या. स्कूटरवर मागे बसून त्या चक्क गाणं गुणगुणत होत्या. इतक्या वर्षांत मी त्यांना इतकं आनंदात पाहिलं नव्हतं, आणि मला खरंच फार बरं वाटत होतं.

शेवंताबाई खाटेवर उशीला टेकून बसल्या होत्या. केसांना तेल लावून घट्ट वेणी घातलेली, लुगडं नीट केलेलं. सून शेजारी उभी होती. टीचरना बघून त्यांचा चेहरा उजळला.

"आज घेतलं का वं बाई माह्यं नाव?" त्यांनी विचारलं. "मी दहा वाजताच सुनेले म्हटलं, मले उठून बसव. पोट दुखून राह्यलं होतं, तरी बसली. म्हटलं, तिकडे लोकं आपलं नाव घेऊन राह्यले आन् आपण झोपून राहावं, बरं नाही दिसत."

सून म्हणाली की सासू दर रविवारी अशीच बसते, आणि आज तर नर्सनं सांगूनही आडवी झाली नाही.

मी टीचरच्या मागे उभा होतो. मी असतो तर हो म्हणून मोकळा झालो असतो. उद्या ऑपरेशन असलेल्या बाईला कोणी दुसरं काय सांगेल? अगदीच खोटं नको असेल तर फोनवर टाकलं म्हणून सांगता आलं असतं, ते खरंही होतं. टीचरनी खाटेची दांडी धरली. निळ्या साडीचा पदर त्यांच्या खांद्यावरून घसरला होता, तो त्यांनी सारखा केला नाही.

"नाही घेतलं, शेवंताबाई," त्या म्हणाल्या. "आज मले बोलाले उंच जागा भेटली होती. त्या हौशेपायी मी तुमची नावं सोडली. फोनवर लिहून टाकतो म्हणाले, मी हो म्हटलं. तोंडानं कोणी घेतलं नाही. तुम्ही बसून होत्या आणि मी घेतलं नाही. येत्या रविवारपासून मी खाली फरशीवरच उभी राहीन, मग पंच काही म्हणोत. त्याइचं पुलपीठ त्याइले राहू दे."

मला वाटलं आता ही बाई रडेल, किंवा तोंड फिरवेल. शेवंताबाईंनी पाठीमागची उशी सारखी केली.

"मंग आता घ्या नं," त्या म्हणाल्या. "मी बसलीच हाओ."

टीचर सरळ उभ्या राहिल्या. पदर खांद्यावर घेतला. मग चर्चमध्ये शेवटच्या बाकाला ऐकू जावं अशा आवाजात त्या सगळ्या वॉर्डासमोर म्हणाल्या, "सूचना. वणीच्या शेवंताबाई इथे आहेत. उद्या त्यांचं पोटाचं ऑपरेशन आहे. सगळ्यांनी त्यांची आठवण ठेवावी." आणि थांबल्या. पुढे चार मित्र नाहीत, छप्पर नाही, काही नाही. इतकी छोटी सूचना मी त्यांच्या तोंडून कधी ऐकली नव्हती. खिडकीजवळच्या खाटेवरच्या म्हाताऱ्यानं सलाइन लावलेला हात उचलला आणि माझंही घ्या म्हणाला. मग पलीकडच्या खाटेवरच्या पोराचं नाव त्याच्या आईनं घ्यायला लावलं. टीचर लंगडत लंगडत एकेका खाटेपाशी जाऊन नाव, गाव आणि दुखणं मोठ्यानं सांगत गेल्या. नर्स दारात आली होती, हळू बोला म्हणायला. ती चौकटीला टेकून ऐकत राहिली. मला प्रार्थना येत नाही, पण मीसुद्धा प्रत्येक नाव मनात एकदा म्हटलं.

सगळं झाल्यावर टीचर परत शेवंताबाईंपाशी येऊन स्टुलावर बसल्या. दमल्या होत्या. शेवंताबाईंनी त्यांचा हात धरला.

"आन् तुमचं कोण घेते?"

टीचर म्हणाल्या की मी ठणठणीत आहे, माझं कशाला घ्यायला पाहिजे.

"ठणठणीत माणसाचं घेत नाहीत का? नाव काय वं तुमचं?"

"मले सगळे टीचर म्हणतात."

"थे नाही. नाव."

मी त्यांच्याकडे बघू लागलो, कारण मला ते माहीत नव्हतं. शाळेत त्या नवगिरे टीचर होत्या, हजेरीपटावर व्ही. नवगिरे होत्या, गल्लीत टीचर आणि चर्चमध्ये टीचरबाई. आईवडील कधीच गेलेले, लग्न केलं नाही, भावंडं नाहीत. त्यांना नावानं हाक मारणारं माणूस या नागपुरात मी तरी पाहिलं नव्हतं.

"विमल," त्या म्हणाल्या.

"उद्या मले आत नेतीन तवा मी घेईन," शेवंताबाई म्हणाल्या. "माह्यं तर तुम्ही सगळे घेऊनच राह्यले. मी तुमचं घेईन. विमल."

टीचरनी मान खाली घातली. स्टुलावर बसून त्या डोळ्यांना पदर लावून राहिल्या आणि मला तिथून हलावंसं वाटलं नाही. मग त्यांनी अगदी हळू आवाजात विचारलं, "अजून एकदा म्हणता काय?"

शेवंताबाईंनी त्यांचा हात थोपटला आणि म्हटलं, "विमल."